‘कोर्ट’सारखा सिनेमा शूट करायचा तर कॅमेरा ट्रायपॉडवर ठेवला की पुरे का?

‘कोर्ट’ (२०१४) या सिनेमाचे दिग्दर्शक चैतन्य ताम्हाणेंची शैली कमी पैशात जमेल का, असं तुम्ही विचारलंय. स्पष्ट सांगतो, ट्रायपॉड स्वस्त असतो, स्थिर वाइड शॉट (लांबून सगळी जागा दाखवणारा) महाग पडतो. ‘कॅमेरा तर हललाच नाही, त्यात काय एवढं?’ हे मी २०१४ पासून ऐकतोय आणि मला ते मुळीच पटत नाही.

‘कोर्ट’मधला शेवटाकडचा शॉट आठवा. कोर्टाला सुट्टी लागते, माणसं निघून जातात, दिवे मालवतात आणि अंधार तसाच टिकतो. सिनेमॅटोग्राफर मृणाल देसाईंच्या कॅमेऱ्याने ती खोली सबंध सिनेमाभर लांबून, पूर्ण दाखवलेली असते. वकील बोलत असताना मागे ताटकळणारे लोकही दिसत राहतात. म्हणूनच रिकाम्या बाकांकडे बघताना कोण कुठे बसायचं हे आपल्याला ठाऊक असतं. तेच सगळं क्लोजअपमध्ये घेतलं असतं तर ही रिकामी खोली काहीच बोलली नसती.

आता प्रत्यक्ष काम. सुपर ३५ (सिनेमा कॅमेऱ्यांत नेहमीचा आकार) सेन्सरवर २८ मिमी लेन्स, अ‍ॅपर्चर (लेन्सचं छिद्र) एफ ५.६ आणि फोकस साधारण साडेपाच मीटरवर ठेवला, तर जवळपास तीन मीटरपासून पुढचं सगळं स्पष्ट येतं. फोकस, एक्स्पोजर (उजेडाचं प्रमाण), व्हाइट बॅलन्स (रंगांचा तोल) सगळं मॅन्युअल. चार मिनिटांच्या टेकमध्ये ऑटोफोकस एकदा जरी चाचपडला तरी टेक गेला. कॅमेरा बसलेल्या माणसाच्या डोळ्यांच्या उंचीवर आणि लेव्हलमध्ये हवा. थोडा जरी खाली झुकवला तरी दारं-खांब तिरपे दिसतात, आणि स्थिर फ्रेममध्ये प्रेक्षकाला ते बघायला भरपूर वेळ मिळतो. खिडकीच्या उजेडावर विसंबू नका, ढग आला की मधेच एक्स्पोजर पडतो.

खरा घोळ मागच्या माणसांचा होतो. ‘नुसते बसा’ म्हटलं की ती अभिनय करायला लागतात. प्रत्येकाला खरं काम द्या: कागद लावणं, पत्ता शोधणं, कुणाची तरी वाट बघणं. एकाने लेन्समध्ये पाहिलं तर झाकायला दुसरा शॉट नसतो, म्हणून तालमीसाठी शूटिंगइतकेच दिवस धरा. वाइडमध्ये बूम (काठीवरचा माइक) आत घेता येत नाही. बोलणाऱ्या प्रत्येकाला लेपल माइक (कपड्यांवर लावायचा छोटा माइक) लावा आणि खोलीची शांतता एक मिनिट वेगळी रेकॉर्ड करा. टेकच्या आधी-नंतर दहा-दहा सेकंद जास्त घ्या, कट कुठे घ्यायचा ते तिथेच ठरतं.

ताम्हाणेंच्या करिअरबद्दल थोडक्यात: नाटक, ‘सिक्स स्ट्रँड्स’ ही शॉर्ट फिल्म, मग ‘कोर्ट’, आणि पुढचा ‘द डिसायपल’ थेट २०२० मध्ये. दोन सिनेमांत सहा वर्षं. घाई असेल तर ही वाट धरू नका.

आणि हो, ‘द डिसायपल’मध्ये रात्रीच्या बाइकवरच्या दृश्यांत कॅमेरा सोबत सरकतो, तेही स्लो मोशनमध्ये, वर माईंचा, म्हणजे नायकाच्या गुरूंच्या गुरूंचा, आवाज. म्हणजे स्थिर कॅमेरा हा त्यांचाही नियम नाही. तुमची खोली दहा बाय दहाची असेल तर वाइडचा हट्ट सोडा. मागे सरकायला जागाच नसते.