लाइपझिगला निघण्याआधी

चिंपांझींच्या हावभावांवर पीएचडी करायला जर्मनीत लाइपझिगला जागा मिळतेय, नवरा आणि पाच वर्षांची लेक सोबत येणार, तर निघू का, असं तू विचारलंस. तीन दिवस तुझा प्रश्न डोक्यातून जात नाहीये.

व्हिसा, विमा वगैरे दूतावासाच्या साइटवर आहेच. मी एकच सांगते. लेकीच्या जन्मदाखल्यावरचं आणि पासपोर्टवरचं नाव आत्ताच अक्षर न् अक्षर जुळवून घे. आमच्या मुलाच्या एका कागदावर मधे वडिलांचं नाव होतं, दुसऱ्यावर नव्हतं. तेवढ्यावरून दाखला, साक्षांकन, जर्मन भाषांतर, सगळं दोनदा झालं. अजून आठवलं की संताप होतो.

एकटेपणा येतो, अंगवळणी पडतो. त्यावर जास्त बोलण्यासारखं काही नाही.

कामाचं म्हणशील, तर वानरांना आपली भाषा शिकवायचे दिवस गेले. १९६६ मध्ये गार्डनर दांपत्याने अमेरिकेत नेवाडाला वॉशो नावाच्या चिंपांझीला खुणांची भाषा शिकवायला घेतली. १९७९ मध्ये मानसशास्त्रज्ञ टेरेस यांनी तशाच शिकवलेल्या निम या चिंपांझीच्या चित्रफिती तपासून दाखवलं की तो बऱ्याचदा शिक्षकांच्याच खुणा परत करतोय. आता आपण त्यांचं आपसातलं बोलणं टिपतो. युगांडातल्या बुडोंगोच्या जंगलात ६६ हावभावांची यादी झाली आहे. आई निघताना पिलाला पायाचा तळवा दाखवते, म्हणजे 'चढ पाठीवर'. हे मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मास्कच्या आत रडले होते. हे काम सोड असं मी तुला कधीच म्हणणार नाही.

पण जंगलातल्या दिवसांपेक्षा स्क्रीनसमोरचे महिने जास्त असतात. एकेक क्लिप थांबवून नोंदायचं: खूण करणाऱ्याने आधी समोरच्याकडे पाहिलं का? उत्तरासाठी थांबला का? उत्तर आलं नाही तर पुन्हा केली का?

मुलाच्या शाळेतल्या बाईंनी सांगितलं, घरी जर्मनच बोला, मराठीमुळे तो मागे पडतोय. वॉशोसमोर माणसांनी आपसातही तोंडाने बोलायचं नाही, खुणाच करायच्या, असा नियम होता. मी तो विद्यार्थ्यांना शिकवायचे, आणि तसाच नियम स्वतःच्या घराला लावला. आठ महिने. आमची जर्मन मोडकीतोडकी, त्याची तर त्याहून. तो बोलेनासाच झाला. मी लॅपटॉपवर असले की येऊन बाही धरायचा, तोंडाकडे बघायचा, थांबायचा. मी म्हणायचे, 'मोमेंट.' तो पुन्हा ओढायचा. एक दिवस ओढायचं थांबलं, आणि ते थांबलंय हे माझ्या लक्षात यायला किती दिवस गेले, मला सांगता येणार नाही. दुसऱ्याच्या पिलाची अर्ध्या सेकंदाची नजर मी सोडत नव्हते.

आता तो अकरा वर्षांचा आहे, वर्गात छान बोलतो. मी मराठीत विचारते, तो जर्मनमध्ये उत्तर देतो. त्या बाईंवरचा राग गेलेला नाही. पण ऐकलं मी होतं.

तू ये. मात्र शाळेने काहीही सांगितलं तरी लेकीशी मराठीतच बोल. जर्मन ती शाळेत शिकेलच. आणि पहिल्या वर्षी जंगलाची फेरी ठेवायची नाही, हे करारावर सही करण्यापूर्वी मार्गदर्शकांकडून लेखी घे. मी ते तोंडीच ठरवलं होतं.