पोरगी चोर झाली काय?

"मॅडम, आमची पोरगी चोर झाली काय?" समुपदेशनाला आलेल्या आईनं खुर्चीत बसायच्या आधीच आम्हाला विचारलं. शेजारी मान खाली घालून बसलेली मुलगी बीकॉमच्या दुसऱ्या वर्षाला. घर वडगावचं, वडील पॉवरलूमवर साड्या विणतात. (ओळख कळू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत. प्रश्न मात्र बेळगाव, खानापूर, निपाणीकडच्या अनेक घरांतला आहे.)

झालं असं. ही मुलगी एका मराठी मालिकेची कट्टर चाहती. दोन वर्षांपूर्वी मैत्रिणींसाठी टेलिग्रामवर ग्रुप काढला. एपिसोड संपला की तासाभरात ती एका मोठ्या पायरसी चॅनेलवरून फाइल उचलायची, नाव बदलायची आणि आपल्या ग्रुपवर टाकायची. बघता बघता 1,140 सदस्य झाले. साठवायला जागा पुरेना, म्हणून क्लाउडसाठी महिन्याला 20 रुपये 'ऐच्छिक' म्हणून मागितले. 62 जण द्यायला लागले. पाच महिने हे चाललं आणि एका दुपारी व्हॉट्सअ‍ॅपवर राजमुद्रा छापलेली 'नोटीस' आली. कॉपीराइटचा गुन्हा नोंद झालाय, दोन तासांत 18,000 रुपये यूपीआयने भरा, नाहीतर अटक. त्या रात्री मुलगी जेवली नाही. दुसऱ्या दिवशी आईला सगळं सांगितलं.

भीती आणि अपराधीपणा एकत्र आले की आधी भीती सोडवावी लागते. घाबरलेल्या माणसाशी बरोबर-चुकीचं बोलता येत नाही, तो फक्त सुटका शोधतो. म्हणून पहिला अर्धा तास त्या नोटिशीवरच गेला. चौकशीला हजर राहण्याची खरी नोटीस पोलीस भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 35 खाली देतात. ती व्हॉट्सअ‍ॅपवरून देऊ नये, असं सर्वोच्च न्यायालयानं जानेवारी 2025 मध्ये बजावलं आहे. 'डिजिटल अरेस्ट' (फोनवरूनच अटक केल्याचा बनाव) नावाची गोष्ट आपल्या कायद्यात नाही, आणि दंड ठरवायचा तो कोर्टानं, अनोळखी नंबरानं यूपीआयवर नव्हे. नंबर ब्लॉक करायच्या आधी स्क्रीनशॉट घेतले, सायबर फसवणुकीच्या 1930 या हेल्पलाइनवर फोन करून तक्रार नोंदवली, तीच तक्रार सायबर गुन्ह्यांच्या सरकारी पोर्टलवर भरली. पैसे गेले नव्हते हे नशीब. गेले असते तर पहिल्या तासातच 1930 ला कळवणं महत्त्वाचं, कारण रक्कम पुढच्या खात्यात सरकायच्या आत थोपवायची असते.

धमकी खोटी निघाली. आईचा चेहरा सैल झाला आणि ती उठायलाच लागली. इथंच बरीच घरं चुकतात. नोटीस खोटी म्हणजे काम बरोबर, असं होत नाही. मुलीला ते आईच्या आधी कळलं होतं. तिनंच विचारलं, "मॅडम, खरी आली असती तर?"

तर तिची बाजू कच्चीच होती. कॉपीराइट कायदा 1957 चा, त्याच्या कलम 63 ची शिक्षा सहा महिने ते तीन वर्षं कैद आणि 50 हजार ते दोन लाख दंड. व्यापारी लाभ नसेल तर कारणं नोंदवून कोर्ट शिक्षा कमी करू शकतं. आता ते 20 रुपये बघा. 62 जणांचे महिन्याला 1,240, पाच महिन्यांचे 6,200. तिच्या डोक्यात तो क्लाउडचा खर्च. कागदावर मात्र 'मी फुकट वाटत होते' हे वाक्य त्या रकमेनं खोडून टाकलं. हा गुन्हा दखलपात्र (पोलीस वॉरंटशिवाय अटक करू शकतात) आणि अजामीनपात्र (जामीन हक्कानं मिळत नाही) आहे, असं मे 2022 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सांगितलंय. टेलिग्रामवर आपण टोपणनावानं असतो हा भरवसाही खोटा. ऑगस्ट 2022 मध्ये दिल्ली उच्च न्यायालयानं एका शिक्षिकेच्या अभ्यास-साहित्याच्या प्रकरणात चॅनेल चालवणाऱ्यांचे फोन नंबर, आयपी पत्ते, ईमेल द्यायला टेलिग्रामला लावलं होतं. एवढं सांगून आम्ही थांबलो. त्यापुढचा सल्ला वकिलाचा.

दुसऱ्या भेटीत मुलगी एकटी आली आणि मोकळी बोलली. वाद तिनं चांगला घातला. "कुणाचं काय नेलं मी? साडी उचलली तर दुकानदाराची साडी जाते. एपिसोड तर त्यांच्याकडंच हाय की." आणि दुसरं, जे सीमाभागातलंच माणूस बोलेल: "आमच्या केबलवाल्याच्या पॅकमध्ये मराठी चॅनेल न्हाई. टीआरपीत आम्हाला कोण मोजतंय? आम्ही बघितलं काय, न बघितलं काय."

हे दुसरं म्हणणं झटकून टाकू नये. त्यात तथ्य आहे. दर आठवड्याला मराठी मालिकांच्या टीआरपीची जी यादी फिरते ती महाराष्ट्र आणि गोवा एवढाच बाजार धरून केलेली असते. बेळगावच्या एखाद्या घरात टीआरपी मोजणारं मीटर असलंच तरी ते बघणं कर्नाटकाच्या खात्यात जातं. रोज रात्री जीव टाकून मालिका बघायची आणि त्या यादीत आपण नाहीच, हे तिला लागत होतं. तिच्या जागी कुणालाही लागेल. पण यातून निघणारं उत्तर तिनं काढलं त्याच्या उलटं आहे. यादीत नसलेला प्रेक्षक वाहिनीला दोनच ठिकाणी दिसतो: सुट्टं चॅनेल विकत घेतो तिथं आणि अधिकृत अ‍ॅपवर बघतो तिथं. पैसे देऊन घेतलेल्या प्रत्येक चॅनेलच्या ग्राहकांचा आकडा केबल आणि डीटीएच कंपन्यांना दर महिन्याला वाहिनीला कळवावा लागतो. टेलिग्रामवरचे 1,140 जण कुठल्याच वहीत नाहीत. सीमाभागातले प्रेक्षक तिच्या ग्रुपमुळे आणखीच अदृश्य झाले होते.

हे ऐकून ती बराच वेळ गप्प होती. साडीचा मुद्दा मात्र तिनं सोडला नाही. तो तिच्या वडिलांनी सोडवला, तिसऱ्या भेटीत. वडील आईबरोबर आले होते, कोपऱ्यात बसून ऐकत होते. साडीचं नाव निघालं तसे म्हणाले, "साडी न्हवं, कार्डं." जॅकार्ड मागावर काठाची नक्षी पुठ्ठ्याच्या भोकं पाडलेल्या कार्डांत असते. आधी आलेख कागदावर चौकोन रंगवून डिझाइन काढायचं, मग एकेका ओळीचं एकेक कार्ड पंच करायचं, शेकडो कार्डं दोऱ्यानं ओवून माळ करायची आणि ती मागावर चढवायची. "माझी कार्डं नेऊन कुणी नक्कल मारली, तर माझी माळ माझ्याकडंच असती. खरं महिन्यात तोच काठ बाजारात पन्नास रुपयानं स्वस्त येतोय. मग डिझाइनवाल्याकडं पुढच्या डिझाइनला कोण जाणार?" मुलीकडं बघून नाही, जमिनीकडं बघून बोलले. त्यापुढं त्या खोलीत चोरी हा शब्द कुणी वापरला नाही, गरजही पडली नाही.

आईवडिलांना आम्ही हेच सांगतो की चोर म्हणू नका. ते खोटं आहे म्हणून नव्हे. चोर म्हटलं की मूल स्वतःची बाजू लढवण्यात सगळी ताकद घालतं आणि कामाचं राहून जातं. प्रश्न तीन वेगळे करावेत. बघायला कसं मिळेल? ग्रुपवरचा मान गेला तर काय? घेतलेल्या पैशांचं काय?

बघण्याचं आधी, कारण ते सर्वांत सोपं निघालं. ट्रायच्या, म्हणजे दूरसंचार नियामकाच्या, नियमांनी 2019 पासून प्रत्येक पे चॅनेल सुट्टं मागता येतं. 'महाराष्ट्र पॅक इथं नाही' हे केबलवाल्याचं उत्तर पॅकपुरतं खरं असेल. त्याच्या नेटवर्कवर ते चॅनेल दिसत असेल तर सुट्टं द्यावंच लागतं. चॅनेलची किंमत सेट-टॉप बॉक्सच्या गाइडमध्ये बघावी. पॅकमध्ये घालायच्या चॅनेलला 19 रुपयांची कमाल मर्यादा आहे, त्यावर 18 टक्के जीएसटी, म्हणजे जास्तीत जास्त 22.42. इथं एक चूक हमखास होते: एसडी आणि एचडी ही दोन वेगळी चॅनेलं धरली जातात, दोन्ही चालू राहिली तर दोन्हीचे पैसे लागतात. जे हवं ते ठेवून दुसरं बंद करायला सांगावं आणि पुढच्या महिन्याची पावती तपासावी. केबलवर चॅनेल नसेलच तर डीटीएच. त्याचा सिग्नल राज्याची हद्द बघत नाही. मोबाइलवरच बघायचं तर झी मराठीच्या मालिका झी5 वर, स्टार प्रवाह आणि कलर्स मराठीच्या जिओहॉटस्टारवर, सोनी मराठीच्या सोनीलिव्हवर. या घराला दोन सुट्टी चॅनेलं पुरली.

ग्रुपवरच्या काही जणांनी 'एकाचा पासवर्ड सगळ्यांनी वापरू' असं सुचवलं होतं. खातं एका घरापुरतं असतं, तोही मार्ग सोडला.

फोनची सफाई करताना वेगळंच निघालं. ग्रुपवर वर पिन केलेली एक 'मॉड' अ‍ॅपची एपीके (फोनवर थेट बसवायची) फाइल होती, सगळं प्रीमियम फुकट दाखवणारी. तिच्या फोनमध्ये त्या अ‍ॅपला एसएमएस वाचायची आणि अ‍ॅक्सेसिबिलिटीची परवानगी होती. म्हणजे येणारा ओटीपी अ‍ॅपला वाचता येतो, स्क्रीनवर काय चाललंय ते दिसतं. व्हिडिओ दाखवणाऱ्या अ‍ॅपला या दोन्हीची काहीही गरज नसते. आधी अ‍ॅक्सेसिबिलिटी बंद केली (ती चालू असली तर काही अ‍ॅप काढूच देत नाहीत), मग अ‍ॅप काढलं, बँकेचा आणि यूपीआयचा पिन दुसऱ्या फोनवरून बदलला. ही फाइल आपण शेकडो बायकांच्या फोनात पोचवली, याचं तिला एपिसोडपेक्षा जास्त वाईट वाटलं. तिनं तीच गोष्ट ग्रुपवर आधी लिहिली, काय काढायचं आणि कसं, पायरी पायरीनं.

फाइली डिलीट करताना एक लक्षात ठेवावं. खरी नोटीस आली असेल तर आधी वकील, मग डिलीट, कारण तेव्हा पुसणं म्हणजे पुरावा नष्ट करणं ठरू शकतं. इथं तशी नोटीस नव्हती. अ‍ॅडमिनला ग्रुपवरचे सगळ्यांचे मेसेज काढता येतात, पण लोकांनी उतरवून घेतलेल्या आणि पुढं पाठवलेल्या फाइली राहतातच. ते परत आणता येत नाही, हे तिला तसंच सांगितलं.

पैसे तिनं यूपीआयच्या नोंदी बघून परत केले. 6,200 पैकी क्लाउडमध्ये गेलेले तिच्या खाऊच्या पैशांतून, दोन हप्त्यांत. नऊ जणी घ्यायला तयार नव्हत्या, त्यांनाही पाठवले.

अवघड होता तो मधला प्रश्न, ग्रुपवरच्या मानाचा. रोज रात्री साडेनऊला तिचा फोन वाजायचा, 'ताई, टाक ना', 'ताई, कुठं आहेस'. घरात तिसरं अपत्य, कॉलेजात मागच्या बाकावर, आणि इथं हजार माणसं वाट बघणारी. आई सांगत होती, "जेवायला हाक मारली की म्हणते, थांब गं, टाकायलोय, लोकं वाट बघायलेत." हे सुटलं की रिकामं वाटणार, आणि त्या रिकामपणातच माणूस परत वळतो. म्हणून साडेनऊची वेळ मोकळी सोडली नाही. त्याच वेळी ती ग्रुपवर त्या दिवसाच्या भागावर स्वतःच्या शब्दांत लिहायची, वाहिनीनं टाकलेल्या अधिकृत प्रोमोची लिंक द्यायची आणि एक प्रश्न टाकायची. परीक्षण, टीका, चर्चा याला कायदा मोकळीक देतो, आणि मालिकेच्या पटकथेत काय फसलंय हे तिला फार छान कळतं.

तिसऱ्या आठवड्यात रविवारचा दोन तासांचा महाएपिसोड आला आणि तिनं फाइल टाकली. चाळीस मिनिटांनी स्वतःच काढली आणि सकाळी फोन केला, रडत. आम्ही विचारलं, टाकायच्या आधीच्या दहा मिनिटांत काय झालं? गल्फमधल्या एका सदस्याचा मेसेज होता: 'तू पण विसरलीस आम्हाला.' आता त्या सदस्याला काय उत्तर द्यायचं ते तिनं लिहून ठेवलंय: तिकडं कुठल्या अधिकृत अ‍ॅपवर मिळेल ते शोधून द्यायला मी मदत करीन, फाइल देणार नाही.

एक प्रश्न अजून तिच्याकडे आहे. लहानपणी आजीनं सेट-टॉप बॉक्सला पेनड्राइव्ह लावून भरून ठेवलेली एक जुनी मालिका, जी आज कुठल्याच अ‍ॅपवर नाही. स्वतःपुरतं केलेलं रेकॉर्डिंग कायद्याच्या कलम 39 खाली चालतं, ते घरात ठेवावं, आजीबरोबर बघावं. वाटता येत नाही, कारण अशा निर्मितीचा हक्क प्रसारणाच्या पुढच्या वर्षापासून 60 वर्षं राहतो. 1990 मध्ये दाखवलेल्या मालिकेचा 2050 च्या अखेरपर्यंत. दूरदर्शनच्या जुन्या मालिका असतील तर प्रसारभारतीच्या वेव्हज अ‍ॅपवर आणि सह्याद्रीच्या यूट्यूबवर आधी शोधाव्यात. ही मालिका खासगी वाहिनीची होती. ग्रुपमधल्या 41 जणींच्या सह्यांचं पत्र तिनं वाहिनीला पाठवलंय, प्रत्येक नावापुढं गाव लिहून: वडगाव, शहापूर, नंदगड, येळ्ळूर, खानापूर, निपाणी. उत्तर अजून आलेलं नाही. ग्रुपवर आता साडेतीनशेच्या आसपास लोक उरलेत, आणि रात्री साडेनऊला तिचा पहिला प्रश्न असतो, "आज कुणी टीव्हीवर बघितलं?"