माइनक्राफ्ट या व्हिडिओ गेममध्ये व्हिलेजर, म्हणजे गावकरी, भाव का वाढवतात? ते खाली आणायचे कसे, की सरळ दुसरं गाव शोधायचं?

तुम्ही लिहिलंय की काड्या घेणारा तुमचा फ्लेचर (बाण बनवणारा व्हिलेजर) एका एमराल्डला, म्हणजे खेळातल्या चलनाच्या एका पाचूला, ३२ काड्या घ्यायचा, तो आता ५७ मागतो. मेंडिंगचं (हत्यारं दुरुस्त करणाऱ्या मंत्राचं) पुस्तक देणारा लायब्ररियन, म्हणजे पुस्तकवाला व्हिलेजर, २४ एमराल्डवरून वर चढलाय. आणि जाता जाता एका वाक्यात, मेंढी मारताना तलवार चुकून लायब्ररियनला लागली. हे शेवटचं वाक्य महत्त्वाचं आहे, त्याच्याकडे येतोच. आधी एवढं सांगतो की गाव सोडू नका. तुमच्या दोन्ही महागाया वेगवेगळ्या कारणांच्या आहेत आणि दोन्ही उतरणाऱ्या आहेत. (खाली दिलेले आकडे खेळाच्या संगणकावरच्या जावा आवृत्तीचे आहेत.)

५७ हा आकडा वाचला तेव्हाच लक्षात आलं की तुम्ही त्या फ्लेचरला त्याचे सोळाच्या सोळा सौदे करून मोकळं केलंत. सौदा बंद झाल्याची लाल फुली येईपर्यंत काड्या ओतल्या असणार.

माझी आजी पेडण्याकडची. दर शुक्रवारी म्हापशाच्या बाजारात मिरच्यांची पाटी घेऊन बसायची आणि सुट्टीत मी तिच्यासोबत असायचो. दुपार कलली की एखादा दुकानदार यायचा आणि म्हणायचा, "सगळी पाटी दे, एकदम उचलतो." ऊन डोक्यावर असायचं, परतीची बस गाठायची असायची, तरी आजी अर्धीच द्यायची. उरलेली दुसऱ्या दुकानात, नाहीतर नेहमीच्या बायकांना. मला तेव्हा हे कळायचं नाही. तिचं म्हणणं असं की एकाच्याच घरात सगळा माल भरला की पुढच्या शुक्रवारी तो आपल्याकडे बघतसुद्धा नाही, आणि बघितलं तरी भाव पाडून मागतो. फ्लेचर नेमकं हेच करतो, फक्त त्याचा हिशेब आकड्यांत लिहिलेला आहे.

हिशेब असा. व्हिलेजर आपल्या कामाच्या ठोकळ्यापाशी (फ्लेचरचं ते फ्लेचिंग टेबल) जाऊन पुन्हा सौद्याला तयार होतो तेव्हा तो मागच्या फेरीचे झालेले सौदे मोजतो आणि त्यातून न झालेले वजा करतो. काड्यांच्या सौद्याची मर्यादा १६ आहे. सोळाही केलेत तर त्याच्या वहीत १६ चढतात. काड्यांसाठी प्रत्येक अंकामागे मूळ भावाच्या पाच टक्के वाढ होते, म्हणजे ३२ वर सोळा वेळा पाच टक्के, साधारण २५. बत्तीस आणि पंचवीस सत्तावन्न. तुमचा आकडा हाच.

आता गंमत बघा. सोळापैकी आठच सौदे केलेत तर आठ झाले, आठ राहिले, वजाबाकी शून्य. भाव जागचा हलत नाही. आणि एखादी फेरी त्याच्या काड्यांना हातच लावला नाहीत तर वजाबाकी उलटी होते आणि चढलेले सोळा उतरतात. म्हणून तुमच्या फ्लेचरवर उपाय एवढाच आहे की त्याला एखाद-दोन दिवस सोडा. खेळातला दिवस वीस मिनिटांचा. तेवढ्यात चहा होईल. मात्र त्याला त्याच्या टेबलापर्यंत चालत जाता आलं पाहिजे. वाट बंद असेल तर तो नव्याने तयार होत नाही आणि तुम्हाला वाटतं हा रुसलाय.

दिवसातून दोनदा तो असा तयार होतो, दोन वेळांमध्ये थोडं अंतर लागतं. प्रत्येक वेळी आठ सौदे म्हणजे दिवसाला सोळा एमराल्ड, ५१२ काड्या. एका ओंडक्याच्या आठ काड्या होतात, तर चौसष्ट ओंडके. एवढं लाकूड रोज तोडायचं नसेल तर आजीचा दुसरा मार्ग वापरा आणि गिऱ्हाईक वाढवा. गावात कोणी बेकार व्हिलेजर असेल तर त्याच्याजवळ दुसरं फ्लेचिंग टेबल ठेवा, चार फळ्या आणि दोन गारगोट्यांत होतं. हिरव्या झग्यातला मात्र कधीच कामाला लागत नाही, त्याच्यामागे वेळ घालवू नका. शेतकरी २० गहू, २२ गाजरं किंवा २६ बटाट्यांना एक एमराल्ड देतो, लायब्ररियन २४ कागदांना. माल वेगवेगळा आणि गिऱ्हाइकंही वेगवेगळी असली की कोणाचीच वही भरत नाही.

आता लायब्ररियन. त्याची महागाई बाजाराची नाही, तुमच्याशी झालेल्या भांडणाची आहे.

२०१९ च्या एप्रिलमध्ये आलेल्या १.१४ आवृत्तीपासून प्रत्येक व्हिलेजर प्रत्येक खेळाडूबद्दल मनात काहीतरी धरून असतो. तलवार लागली की २५ गुण वजा. मेंडिंगसारख्या मंतरलेल्या पुस्तकांच्या बाबतीत प्रत्येक गुण जड पडतो, कारण तिथे पाच टक्क्यांऐवजी वीस टक्क्यांचा हिशेब आहे. एका फटक्याला पुस्तकावर पाच एमराल्ड चढतात. तुम्हाला एवढ्याशा चुकीची ही शिक्षा जास्त वाटेल, पण ती टिकत नाही. एका दिवसात त्यातले वीस गुण तो विसरतो, दुसऱ्या दिवशी उरलेलेही. म्हणजे तुम्ही काहीही न करता दोन दिवसांनी गेलात तर ते ओझं उतरलेलं असेल. या दोन दिवसांत पुन्हा हात उगारायचा नाही एवढंच. लक्षात ठेवा, व्हिलेजर भेटले की एकमेकांना हे सांगतात. मारहाण एकाला झाली तरी थोडी किंमत शेजाऱ्याकडेही मोजावी लागते. जीवच घेतलात आणि कोणी पाहिलं, तर हिशेब कित्येक पटींनी वाढतो, शिवाय गावाचा राखणदार लोखंडी गोलेम अंगावर येतो ते वेगळंच.

चांगल्या वागण्याची नोंदही तो ठेवतो आणि हे बहुतेक जणांना माहीत नसतं. केलेल्या प्रत्येक सौद्याचे दोन गुण तुमच्या नावावर जमतात, जास्तीत जास्त पंचवीस. भरलेत तर मेंडिंगच्या पुस्तकावर पाच एमराल्ड कमी होतात. रोज दोन गुण झिजतात, म्हणून जात राहावं लागतं. आजीकडे ज्या बायका दर शुक्रवारी यायच्या त्यांच्या पिशवीत ती मोजून झाल्यावर आणखी चार मिरच्या टाकायची. महिन्यानं उगवलेल्याला ते मिळायचं नाही. तुमचं असं करा की लायब्ररियनकडे फक्त पुस्तक घ्यायला जाऊ नका. नदीकाठी ऊस लावा, तीन उसांचे तीन कागद होतात, आणि त्यालाच कागद विकत राहा. आठ सौदे सकाळी, आठ नंतर. कागदाचा भाव चढत नाही, एमराल्ड त्याच्याकडूनच येतात आणि त्याच्याचकडे पुस्तकासाठी परत जातात, वर ओळखीचा दर लागतो. माझ्या फोंड्याच्या भाच्याने हे केलं तेव्हा त्याचा अर्ध्या तासाचा खाणकामाचा वेळ वाचला, कारण एमराल्ड खणायला जावंच लागलं नाही.

अजून मोठी सूट हवी असेल तर झॉम्बी झालेल्या व्हिलेजरला बरं करणं हा मार्ग आहे. अशक्तपणाचं फेकायचं पोशन त्याच्यावर टाकायचं, मग सोन्याचं सफरचंद द्यायचं, तीन ते पाच मिनिटांत तो माणसात येतो. उन्हात जळतो, तेव्हा छपराखाली करा. बरा झालेला व्हिलेजर तुमचे उपकार विसरत नाही. सुरुवातीला १२५ गुण, पुस्तकावर २५ एमराल्डची सूट, म्हणजे २४ चं पुस्तक एकाला. त्यातला थोडा भाग हळूहळू ओसरतो, शंभर गुण कायम राहतात, तेव्हाही पुस्तक चारला पडतं.

यूट्यूबवरच्या जुन्या व्हिडिओंत एकाच व्हिलेजरला मुद्दाम झॉम्बीच्या तोंडी देऊन पुन्हा पुन्हा बरं करताना दाखवतात. १.२०.२ पासून सूट पहिल्याच वेळी मिळते, त्यामुळे तो खटाटोप आता वाया जातो. मला तर तो कधीच पटला नाही. बरं करायला कोणी हवाच असेल तर बर्फाळ प्रदेशातली इग्लू शोधा. काहींच्या तळघरात एक झॉम्बी व्हिलेजर कोंडलेला असतो, आणि तिथेच पोशन व सोन्याचं सफरचंदही ठेवलेलं असतं. त्याला सोडवून आणण्यात जो आनंद आहे तो आपल्याच लायब्ररियनला खड्ड्यात ढकलण्यात नाही. स्वतःच्याला झॉम्बी करायचं ठरवलंच तर काठिण्यपातळी हार्ड हवी. नॉर्मलवर निम्मे मरतात, ईझीवर सगळेच.

नवीन लायब्ररियन बसवायचा विचार असेल तर भवानीचा नियम लक्षात ठेवा. बाजारात पहिला सौदा झाला की त्या दिवसाचा धंदा सुरू झाला म्हणतात. इथे पहिला सौदा झाला की व्हिलेजरचा धंदा आयुष्यभराचा ठरतो. त्याआधी लेक्टर्न (लायब्ररियनचा कामाचा ठोकळा) तोडून पुन्हा ठेवलंत तर तो पुस्तकं बदलून दाखवतो, त्यामुळे मेंडिंग दिसेपर्यंत एक कागदही विकू नका. मेंडिंगचा मूळ भाव १० ते ३८ मध्ये कुठेही लागू शकतो. तुमचा २४ चा आहे, म्हणजे मधला. तो बदलण्याच्या भानगडीत पडू नका.

एक गोष्ट मात्र आपल्या बाजारासारखी नाही, आणि तिथे नवे खेळाडू फसतात. इकडे गोव्यात १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद असते, तेव्हा बांगड्याचा भाव सगळ्यांसाठी चढतो. चतुर्थीच्या आदल्या दिवशी माटोळीचं (गणपतीवर टांगायच्या फळा-भाज्यांचं) सामान साऱ्या बाजारात एकदम महाग होतं. खेळात असा सामायिक भाव नाही. तुमच्या फ्लेचरने काड्या महाग केल्या म्हणून शेजारच्या फ्लेचरच्या काड्या महाग होत नाहीत, प्रत्येकाची वही वेगळी. दुसऱ्या गावात गेलात तर तिथे स्वस्त मिळेल ते गाव वेगळं म्हणून नाही, तिथे तुम्ही अजून काही विकलेलं नाही म्हणून. चार दिवसांत तिथेही ५७ दिसतील.

तेव्हा आज फ्लेचरकडे फिरकू नका, लायब्ररियनच्या आसपास तलवार हातात धरू नका (मेंढीची लोकर हवी असेल तर कातरी वापरा, ती मरतही नाही), आणि ऊस लावून टाका. परवा आठ कागद-सौदे करून पुस्तकाचा भाव बघा, चोवीसच्या खाली दिसायला हवा. नाही दिसला तर त्याचं लेक्टर्न कुठे आहे आणि तिथे पोचायला वाट आहे का, ते इथेच लिहा, बघू.