पाळतीवरचा माहितीपट आणि तुमचा कॅमेरा

प्रश्न : लॉरा पॉइट्रस यांचा सरकारी पाळतीवरचा माहितीपट ‘सिटिझनफोर’ पाहिल्यापासून नागपुरातल्या मुलींच्या वसतिगृहांवर माहितीपट करण्याचे मनात आहे. दारावरच्या यंत्रावर अंगठा टेकवला की वडिलांच्या मोबाइलवर ‘आपले पाल्य रात्री ९ वाजून १२ मिनिटांनी परतले’ असा संदेश जातो. काहींच्या फोनमध्ये तर घरच्यांनीच ठावठिकाणा कळवणारे ॲप टाकून दिले आहे. पण ज्यांच्यावर आधीच इतक्या नजरा आहेत, त्यांच्यावर मीही कॅमेरा रोखावा का?
— एक वाचक, धरमपेठ, नागपूर

उत्तर : ही शंका तुम्हाला चित्रीकरणाआधीच आली, हे फार बरे झाले. अमेरिकी गुप्तचर यंत्रणा सामान्य नागरिकांच्या फोन आणि ईमेलची माहिती सर्रास गोळा करते, हे त्याच यंत्रणेसाठी काम केलेल्या एडवर्ड स्नोडेन यांनी जून २०१३ मध्ये हाँगकाँगच्या एका हॉटेलात पॉइट्रस यांच्या कॅमेऱ्यासमोर उलगडून सांगितले. त्या खोलीत पासवर्ड टाइप करताना ते डोक्यावरून लाल कापड ओढून घेतात आणि लॅपटॉपही त्याखाली झाकतात, तो प्रसंग तुम्हाला आठवत असेल. मात्र स्वतःचे नाव आणि चेहरा जगासमोर आणण्याचा निर्णय स्नोडेन यांचा स्वतःचा होता. तुमच्या मुलींना ती मोकळीक नाही. वसतिगृहात ओळख पटली तर खोली सुटेल, आणि घरी पटली तर कदाचित शिक्षणच सुटेल.

म्हणून चेहरा धूसर केला की झाले, असे समजू नका. बोलण्यातला वऱ्हाडी हेल, क्लासची बॅग, खिडकीतून दिसणारा मेट्रोचा खांब, एवढ्यावरूनही ओळखीचा माणूस बरोबर ओळखतो. आवाज नुसता जाडबारीक केला तर तो पुष्कळदा मूळ पदावर आणता येतो. त्यापेक्षा तिचेच शब्द दुसरीच्या आवाजात ध्वनिमुद्रित करावेत. मूळ चित्रण कूटबद्ध करून, म्हणजे पासवर्डशिवाय उघडणार नाही असे ठेवावे आणि नावांची वही त्याच्याजवळ ठेवू नये. अमेरिकेच्या विमानतळांवर वारंवार अडवले जाऊ लागल्यावर पॉइट्रस यांनी बर्लिनमध्ये बस्तान हलवले आणि हा माहितीपट तिथेच संकलित केला, तो चित्रण जप्त होऊ नये म्हणूनच.

खरा पेच संमतीचा आहे. २४ ऑगस्ट २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी एकमताने खासगीपणा हा मूलभूत हक्क मानला; त्या पीठावर नागपूरचे शरद बोबडे होते आणि त्यांनी स्वतंत्र निकालपत्रही लिहिले. डिजिटल स्वरूपातल्या वैयक्तिक माहितीच्या संरक्षणासाठी २०२३ मध्ये झालेल्या कायद्याने मात्र १८ वर्षांखालील मुलांच्या बाबतीत संमती पालकांकडे सोपवली आहे. म्हणजे ज्या वडिलांच्या मोबाइलवर संदेश जातो, मुलीच्या वतीने होकारही त्यांनीच द्यायचा! त्यामुळे १८ पूर्ण झालेल्या मुलीच निवडाव्यात, असे माझे स्पष्ट मत आहे.

त्या वडिलांकडेही मात्र जरूर जा. गडचिरोलीहून किंवा यवतमाळहून लेकीला पहिल्यांदाच एकटीने शहरात पाठवणारा बाप तो संदेश येईपर्यंत जेवत नसेल, तर ती काळजीही तितक्याच आदराने पडद्यावर आली पाहिजे. नाहीतर तुमचा माहितीपट त्याच्यावरचा आरोप होऊन बसेल आणि मुलींचे म्हणणे त्याच्यापर्यंत पोहोचणारच नाही.

संमती दोनदा घ्या, एकदा बोलण्यापूर्वी आणि एकदा संकलन झाल्यावर. पहिला खेळ फक्त त्या मुलींसाठी ठेवा आणि एखादा प्रसंग एकीला जरी नको वाटला, तरी तो कारण न विचारता काढून टाका.