पोल्विल्यो म्हणजे साबुदाण्याचं पीठ का?

प्रश्न असा: ब्राझीलचा 'पाँव जी केझू', म्हणजे मिनास जेराइस प्रांतातला चीजचा पाव, घरी करायचा आहे. पाककृतीतल्या 'पोल्विल्यो'ला मराठीत साबुदाण्याचं पीठ म्हणावं का?

म्हणू नये. कंद एकच आहे, कसावा. आपला साबुदाणाही त्याच्याच स्टार्चचा. तमिळनाडूत सेलमच्या परिसरात तो मोठ्या प्रमाणावर होतो. पण तिथे ओल्या स्टार्चचे दाणे वळून ते तापवतात, त्यामुळे साबुदाणा अर्धवट शिजलेला असतो. तो दळला तरी कच्च्या स्टार्चसारखा वागत नाही. पोल्विल्यो मात्र कच्चाच असतो: कंद किसायचा, धुवायचा, पाण्याच्या तळाशी बसलेला साका वाळवायचा. नाचणीचं सत्त्व आपण असंच काढतो. म्हणून मी 'कसाव्याचं सत्त्व' म्हणेन. 'टॅपिओका' हा शब्दही ब्राझीलच्या टुपी भाषेतला, आणि तिथेही तो या सत्त्वाचंच नाव आहे.

पोल्विल्यो दोन प्रकारचा मिळतो, 'दोसी' आणि 'अझेदू'. शब्दशः गोड आणि आंबट. पण 'गोड' लिहिलं की वाचणारा साखर शोधेल. 'साधं' आणि 'आंबवलेलं' हेच बरं. आंबवलेल्यासाठी ओलं सत्त्व पाण्याखाली कित्येक दिवस ठेवून मग उन्हात वाळवतात. कुरडयांसाठी गहू भिजवून चीक काढणाऱ्यांना तो आंबूस वास नवा नाही. या सत्त्वाने पाव जास्त फुलतो.

पुढच्या कृतीला 'पीठ भिजवणे' म्हणू नका. आपल्याकडे नेमका शब्द आहे, उकड. अर्धा किलो सत्त्वावर पाव लिटर दूध, साधारण 100 मिली तेल आणि मीठ एकत्र उकळून ओतायचं. कोमट झाल्यावर 2 अंडी आणि 200 ते 250 ग्रॅम किसलेलं, मुरलेलं चीज घालून मळायचं. लिंबाएवढे गोळे 180 ते 200 अंश सेल्सिअसवर भाजायचे. यीस्ट लागत नाही: उकडीने आलेला चिवटपणा वाफ धरून ठेवतो, म्हणून गोळा फुगतो. इथेच साबुदाण्याचं पीठ दगा देतं.

पाकिटावर 'टॅपिओका स्टार्च' लिहिलेलं असेल तर घ्या; 'टॅपिओका पर्ल' म्हणजे साबुदाणाच.