उसवलं की दशा सुटल्या?

सांगलीहून आलेला प्रश्न असा : हळदीच्या रिकाम्या पोत्याची पिशवी घरी शिवली. दोन दिवसांत शिवणीलगतचं कापड मोकळं झालं. याला ‘शिवण उसवली’ म्हणायचं का?

नाही. उसवणं म्हणजे शिवण्याच्या उलट. दोरा तुटला, टाके सुटले, पण कापड शाबूत आहे, तेव्हा शिवण उसवली. इथे टीप जागच्या जागी आहे, गोणपाटाची सुतंच तिच्यातून निसटली आहेत. याला ‘दशा सुटणे’ हा नेमका शब्दप्रयोग आहे. दशी म्हणजे कापडातून निघालेलं सूत. मिशी-मिशा, तशी दशी-दशा. संस्कृतात वस्त्राच्या टोकाच्या सुट्या सुतांना दशा म्हणतात, दिव्याच्या वातीलाही. स्वेटरची वीण मात्र उसवते, कारण तिथे एकाच दोऱ्याचे फास एकमेकांत अडकवलेले असतात. ‘कापड विरलं’ हेही इथे चुकीचं. विरतं ते वापरून झिजलेलं; गोणपाट मागावरूनच विरळ येतं.

शब्द वेगळा, कारण इलाज वेगळा. उसवलेल्या जागी पुन्हा टीप मारता येते. दशा सुटल्या असतील, तर त्याच रेषेत दोऱ्याला धरायला सूतच उरलेलं नसतं. गोणपाटात इंचाला साधारण 10-12 सुतं. अर्धा इंच माया (शिवणीबाहेर सोडलेलं कापड) ठेवली, तर टिपेबाहेर पाच-सहाच सुतं राहतात. ओझं पडलं की ती सरकतात. माया पुरता एक इंच हवी.

कापण्याआधी दशी काढावी : एक सूत ओढून काढलं की सरळ रेघ मिळते. रेघेच्या दोन्ही बाजूंना पाव इंचावर टीप मारून मगच कात्री चालवावी. सुई 16 किंवा 18 नंबरची, टाका साडेतीन ते चार मिलिमीटर. बारीक टाका मजबूत वाटतो, पण सुई तेच सूत पुन्हा पुन्हा टोचून कुरतडते. कापड सुईखालच्या भोकात ओढलं जात असेल, तर खाली वर्तमानपत्राची पट्टी धरून शिवावं, नंतर ती फाडून काढावी. कडेला सुती कापडाची मगजी, म्हणजे कड झाकणारी पट्टी. हातानं शिवायचं तर दाभण-सुतळी; धावदोरा नको, हातटीप घालावी, म्हणजे दर टाका थोडा मागे घ्यावा.

शिंप्याकडे नेऊन ‘उसवलंय’ म्हणालात, तर तो वरून एक टीप मारून देईल. ‘दशा सुटल्यात, शिवण आत घेऊन मगजी लावा’ असं सांगा.