नेटकरी, रीलवाले आणि ॲडमिनताई

तासगावच्या एका शाळेत मराठी शिकवणाऱ्या बाईंनी विचारलं आहे: "नववीच्या मुलांना 'आमचं बदलतं गाव' हा निबंध दिला होता. एकाने लिहिलं, 'आमच्या गावात तीन रीलस्टार आहेत. त्यांच्या व्हिडिओवर नेटकर्यांनी कमेंट केल्या. त्यांचे फॉलोअर्स पुष्कळ आहेत.' नेटकरी, रीलस्टार, ॲडमिन हे शब्द मराठी धरायचे की खाली लाल रेघ मारायची? नेटकरी हा शब्द व्याकरणात तरी बसतो का? आणि असले शब्द रोजच्या बोलण्यात शिरतात कसे?"

बाई, नेटकरी व्याकरणात अगदी नीट बसतो. 'नेट' इंग्रजी आणि 'करी' आपला, अशी गाठ चालते का, ही शंका तुमच्या मनात असणार. तुमच्यापासून तासाभराच्या अंतरावर मिरज आहे. तिथे तंतुवाद्यं बनवणाऱ्या घराण्यांचं आडनाव सतारमेकर आहे. सतार फारसीकडून आलेली, मेकर इंग्रजी, आणि आडनाव अस्सल मिरजेचं. साताऱ्याकडे बघा. इतिहाससंशोधक द. ब. पारसनीस साताऱ्यात राहून काम करत होते. त्यांच्या आडनावात 'फारसनवीस' दडलेला आहे, म्हणजे फारसी पत्रव्यवहार लिहिणारा. फडणीस, चिटणीस, पोतनीस ही सगळी त्याच 'नवीस'ची लेकरं. माणसाला त्याच्या कामावरून नाव देताना मराठीने प्रत्यय कुठून आला, मूळ शब्द कुठून आला याची चौकशी कधी केलेली नाही.

आता 'करी'. वारी करतो तो वारकरी, शेत करतो तो शेतकरी. आपल्याकडे अजूनही विचारतात, "तुमचं शेत आता कोण करतं?" पण टाळकरी टाळ 'करत' नाही, वाजवतो. माळकरी माळ घालतो. आणि गावकरी? तो गाव करत नाही, गावात राहतो. म्हणजे 'करी' नुसत्या कर्त्याचा प्रत्यय राहिलेला नाही, एखाद्या गोष्टीशी माणसाचं जे नातं असतं ते तो दाखवतो. नेटकरी दिसायला शेतकऱ्यासारखा आहे, पण माझ्या मते त्याचं खरं भावकीचं नातं गावकऱ्याशी आहे. बातम्यांचे मथळे आठवा. 'चोराला गावकऱ्यांनी चोप दिला.' 'अभिनेत्याला नेटकऱ्यांनी झोडपलं.' वाक्याची चाल एकच. चेहरा नसलेला जमाव, सगळे एकदम बोलणारे, कधी कौतुक करणारे, कधी मारायला धावणारे.

इथे एक गोष्ट मला फार मोलाची वाटते. इंग्रजीत 'नेटिझन' हा शब्द 'सिटिझन'वरून निघाला. मायकेल हौबेन या अमेरिकन तरुणाने तो १९९०च्या दशकाच्या सुरुवातीला रूढ केला आणि १९९७ साली याच नावाचं पुस्तकही निघालं. त्याच्या मनात नागरिक होता, हक्क आणि जबाबदारी असलेला. आपल्या वर्तमानपत्रांनी आधी 'नेटिझन्स' जसाच्या तसा घेतला. मग 'नेटिझन्सनी' असं दुहेरी अनेकवचन व्हायला लागलं. हे रूप जिभेला बोचत होतं. मराठीने स्वतःचा शब्द घडवायला घेतला तेव्हा ती नागरिकाकडे गेली नाही, गावकऱ्याकडे गेली. इंग्रजीने जिथे नगर वसवलं तिथे आपण गाव वसवलं, पारावरच्या गप्पांसकट.

आणि हा शब्द जन्मला तोच विभक्तीसकट. नेटकऱ्याने, नेटकऱ्यांना, नेटकऱ्यांचा. कुणाला शिकवावं लागलं नाही, कारण शेतकऱ्याचा साचा तयार होता. फक्त स्त्रीलिंग अडलं आहे. वारकरीण आहे, माळकरीण आहे, पण 'नेटकरीण' मी अजून कुणाच्या तोंडून ऐकलेली नाही.

त्याचं कारण मला असं दिसतं, की नेटकरी हा शब्द अजून तोंडात पुरता आलेलाच नाही. तो छापलेला असतो, बातमी वाचणाऱ्या निवेदिकेच्या ओठांवर असतो. सांगलीच्या बसस्टँडवर पाच माणसांना विचारा, "तुम्ही कोण?" शेतकरी म्हणेल मी शेतकरी. कुणी म्हणेल मी सांगलीकर. दिवसाचे चार तास मोबाइलवर असणारा माणूससुद्धा "मी नेटकरी" म्हणणार नाही. नेटकरी म्हणजे नेहमी दुसरे कुणीतरी.

याच्या उलट 'मायबोलीकर'. मायबोली हे संकेतस्थळ १९९६ सालचं, परदेशातली मराठी माणसं तिथे एकमेकांना भेटू लागली आणि स्वतःला मायबोलीकर म्हणवून घेऊ लागली. पुढे 'मनोगत' आणि 'मिसळपाव' ही अशीच संकेतस्थळं आली, तेव्हा मनोगतवाले मनोगती झाले, मिसळपाववाले मिपाकर. हा 'कर' आपल्या आडनावांतला, गावावरून पडणारा. सांगलीकर, सातारकर, कऱ्हाडकर, तसाच मिपाकर. हे शब्द त्या माणसांनी आपणहून स्वतःला लावले, म्हणून त्यांत आपलेपणा आहे. त्याच मंडळींनी फेसबुकला 'चेहरापुस्तक' म्हणून 'चेपु' केलं, व्हॉट्सॲपला 'कायप्पा' केलं, व्यक्तिगत निरोपाला 'व्यनि'. सुरेख शब्द, पण घडले त्या अंगणापलीकडे फारसे गेले नाहीत. पलीकडच्या माणसाला त्यांची गरज पडली नाही, इतकंच.

'फेसबुककर' मात्र त्या अंगणातही नीट रुजला नाही. दोन क लागोपाठ येतात, जीभ अडते. अशा वेळी बोलणारा सरळ 'वाला' लावतो. फेसबुकवाले, इन्स्टावाली, रीलवाले. 'वाला' हा मला सगळ्यांत कष्टाळू प्रत्यय वाटतो. दूधवाला, रिक्षावाला, पेपरवाला, जे येईल त्याला हा उचलून घेतो. सप्टेंबरात कासच्या पठारावर फुलं असतात तेव्हा तिथली राखणदार माणसं हाक देतात ती ऐकण्यासारखी असते. गेल्या खेपेला एक मावशी हातातली काठी उंचावून ओरडत होत्या, "ओ रीलवाले! फुलात बसू नका, वाटेवर या!" त्यांना कंटेंट क्रिएटर, इन्फ्लुएन्सर यांतलं काही माहीत असायची गरज नव्हती. कुठे उभी असलेली, काय करणारी माणसं, ते एका शब्दात सांगून झालं. एखाद्या शब्दाने माणसाला रानात लांबून हाक मारता येते, तेव्हा तो बोलण्यात आला असं मी समजतो.

रीलवरून आठवलं. मिरजेत आमचे कपडे शिवणाऱ्या एक ताई आहेत. मी कुर्त्याचं माप द्यायला गेलो होतो. त्यांची मुलगी आतून ओरडली, "आई, माझी रील बघितलीस का?" ताईंची मान मशीनवर खाली. म्हणाल्या, "खालच्या खणात बघ, पांढरं आहे." मुलगी हातात मोबाइल घेऊन दारात येऊन उभी राहिली, तेव्हा दोघींच्या ध्यानात आलं. इंग्रजीतून आलेला शब्द एकच, पण दोन वेळा आला. पहिल्यांदा आला तो दोऱ्यासोबत आणि सिनेमासोबत. त्या वेळी मराठीने त्याचा ल मोडून ळ केला आणि त्याला नपुंसकलिंग दिलं: ते रीळ. आता मोबाइलसोबत आला तो ल घेऊनच, आणि आमच्या भागातल्या पोरांनी त्याला स्त्रीलिंग दिलं: ती रील. काही ठिकाणी 'ते रील', 'तो रील' असंही ऐकू येतं, म्हणजे लिंग अजून स्थिरावतं आहे. 'पोस्ट'चंही तेच. "पोस्ट उघडलं का?" म्हटलं की टपाल कचेरी. "पोस्ट उघडली का?" म्हटलं की फेसबुक. एका क्रियापदाच्या शेवटावर मराठी माणूस दोन जगं वेगळी ठेवतो. हे पाहिलं की इंग्रजी शब्दांनी मराठी बुडाली असं म्हणणाऱ्यांशी मी सहमत होऊ शकत नाही. शब्द परका असेल, त्याला वागवणारं व्याकरण पुरतं घरचं आहे.

यूट्यूबर फारसं काही न बदलता आला. ड्रायव्हर, कंडक्टर आपल्याकडे आधीच होते. ड्रायव्हरने, ड्रायव्हरांनी, तसंच यूट्यूबरने, यूट्यूबरांनी.

रीलस्टारची गोष्ट निराळी आहे. त्याच्या आधी 'टिकटॉकस्टार' होता. २०२०च्या जूनअखेरीस भारतात टिकटॉकवर बंदी आली, त्याच जुलैत इन्स्टाग्रामने इथे रील्स सुरू केल्या, आणि 'स्टार' एका गाडीतून उतरून दुसऱ्या गाडीत बसला. पण खरा गावात आला तो फ्लेक्समुळे. सांगली-सातारा पट्ट्यात वाढदिवसाच्या फ्लेक्सवर नावाआधी 'पै.' लिहायची रीत आहे, पैलवान म्हणून. कुणाच्या नावाआधी 'मेजर' असतं, फौजेतून आलेल्याच्या. आता त्याच जागी 'रीलस्टार' दिसायला लागलं आहे. शब्दाच्या दृष्टीने ही मोठी बढती आहे. वर्णन करणारा शब्द उपाधी झाला. तुमच्या विद्यार्थ्याने 'तीन रीलस्टार आहेत' असं लिहिलं, ते आपल्या गल्लीतला फ्लेक्स वाचूनच लिहिलं असणार. त्याने पाहिलं तेच लिहिलं आहे.

पण मला सगळ्यांत जवळचा वाटतो तो ॲडमिन. माझी मावशी सांगलीच्या गावभागात राहते. २०१९च्या ऑगस्टपर्यंत ती आपल्या गल्लीच्या ग्रुपबद्दल बोलताना "तो ग्रुप चालवणारा पोरगा" म्हणायची. मग महापूर आला. आयर्विन पुलापाशी कृष्णेची इशारा पातळी ४० फूट आणि धोका पातळी ४५ फूट. त्या वेळी पाणी ५७ फुटांच्या वर गेलं. दर तासाला फुटाचा आकडा ग्रुपवर यायचा. त्यातच कुणीतरी धरण फुटल्याच्या खोट्या बातम्या ढकलायचं आणि अर्धी गल्ली रडायला लागायची. मावशीने फोनवर मला सांगितलेलं वाक्य आठवतं: "आडमिनला म्हणलं, असलं टाकणाऱ्याला आधी भाईर काढ." त्या आठवड्यात त्या पोराच्या हातात खरोखर सत्ता होती आणि जबाबदारीही. कुणाचं ऐकायचं आणि कुणाला गप्प करायचं, हे ठरवणाऱ्या माणसाला नाव लागतं. ते नाव मावशीच्या तोंडात गेलं आणि आजतागायत तिथेच आहे, पहिल्या अक्षराचा 'ॲ' सोडून 'आ' घेऊन.

आता तिच्या बचत गटाचाही ग्रुप आहे. तिथे हप्त्याची आठवण करणाऱ्या बाईंना सगळ्या 'ॲडमिनताई' म्हणतात. कुणी उगाच मिरवायला लागलं तर "लई ॲडमिनगिरी करू नको" असं ऐकवतात, दादागिरीच्या चालीवर. ताई लागली, गिरी लागली, म्हणजे शब्द उंबरा ओलांडून आत आला. 'समूहव्यवस्थापक' हा शब्द मी सरकारी पत्रकात वाचला तर मला चालेल. पण त्याला ताई लावून बघा, वाक्य उभं राहत नाही.

घडवलेले शब्द टाकाऊ असतात, असं मात्र यातून कुणी काढू नये. ट्रोल करणाऱ्याला काही वर्तमानपत्रांनी 'जल्पक' शब्द वापरला. जल्प म्हणजे बडबड, व्यर्थ वाद. अर्थाने इतका नेमका शब्द क्वचित सापडतो. बोलताना लोक मात्र 'ट्रोलभैरव' म्हणतात, कारण टोळभैरव भाषेत आधीच वाट बघत बसला होता. टोळधाडीवरून 'ट्रोलधाड'ही तशीच झाली. तरी जल्पकाला मी बाद करणार नाही. शिवाजी महाराजांच्या राज्याभिषेकाच्या वेळी, १६७४ साली, फारसी पदनामांना संस्कृत नावं दिली गेली. वाकनिसाचा मंत्री झाला, सुरनिसाचा सचिव, पेशव्याचा मुख्य प्रधान. लोकांनी पेशवा काही सोडला नाही, पुढे तर ते एका काळाचंच नाव झालं. पण मंत्री आणि सचिव आज पेपरच्या पहिल्या पानावर आहेत आणि वाकनीस, सुरनीस कुठल्या कचेरीत उरले नाहीत. शब्दाला कामाची जागा मिळायला कधी कधी तीनशे वर्षं लागतात.

तर बाई, त्या निबंधापुरतं सांगतो. रीलस्टारखाली रेघ मारू नका. नेटकरीखालीही नको. 'कमेंट केल्या' हे मराठी वाक्य आहे, लिंगवचनासकट. 'फॉलोअर्स'मधला स काढायला सांगा. 'त्याला पुष्कळ फॉलोअर आहेत' हे पुरेसं आहे, जसं आपण 'चार ड्रायव्हर' म्हणतो, 'चार ड्रायव्हर्स' म्हणत नाही.

लाल रेघ एकाच जागी मारा. त्याने 'नेटकर्यांनी' लिहिलं आहे, रफार देऊन. तिथे 'नेटकऱ्यांनी' हवं. आचार्यांना जेवायला बोलावणं वेगळं आणि आचाऱ्यांना जेवण करायला बोलावणं वेगळं. दर्या समुद्र, दऱ्या डोंगरातल्या. हा आडवा, अर्धा र मराठीने मुद्दाम जपलेला आहे, आणि मोबाइलच्या कळफलकावर तो पटकन सापडत नाही म्हणून पोरं रफार देऊन पुढे जातात. त्याला एकदा शेजारी बसवा, ऱ कसा शोधायचा आणि त्याला य कसा जोडायचा ते दाखवा, आणि नेटकऱ्यांनी, शेतकऱ्यांनी, गावकऱ्यांनी हे तिन्ही शब्द त्याच्याकडून त्याच मोबाइलवर लिहून घ्या.